काळ्या नखातली जिव्हाळी

पत्र: आमचा मोत्या तीन वर्षांचा, इंडी, म्हणजे देशी कुत्रा. चौथ्या मजल्यावर राहतो, दिवसातून दोनदा वीस-वीस मिनिटं खाली फिरून येतो. नखं सगळी काळी. लादीवर चालला की टकटक आवाज यायला लागला म्हणून दोन महिन्यांपूर्वी ऑनलाइन कटर मागवून मी नखं कापायला बसले. तिसऱ्याच नखाला रक्त आलं. सासूबाईंनी हळद दाबली, पण तो हातातून सुटला आणि घरभर लाल-पिवळे ठसे उमटले. आता कटर ठेवलेला खण नुसता उघडला तरी पलंगाखाली जातो. घरचे म्हणतात, दोघांनी घट्ट धरू आणि एकदाचं उरकून टाकू. शेजारचे काका म्हणतात, डांबरी रस्त्यावर फिरवा, आपोआप झिजतील. कुत्र्यांचे केस-नखं कापणारा ग्रूमर म्हणाला, झोपेचं इंजेक्शन देऊन एकदम आखूड करून घ्या. कुणाचं ऐकू?
एक वाचक, ठाणे

उत्तर: नमस्कार ताई,

सध्या कुणाचंच नको. पुढचे दोन आठवडे मोत्याचं एकही नख कापायचं नाही. अपवाद एकाच नखाचा, आणि तो आजच तपासा. पुढच्या पायांच्या आतल्या बाजूला, पंजाच्या थोडं वर, अंगठ्याचं एक-एक नख असतं. ते जमिनीला टेकत नाही, म्हणून झिजतही नाही. वाढत वाढत गोल वळतं आणि शेवटी कातडीत घुसतं. केस बाजूला करून पाहा. टोक कातडीला टेकलेलं दिसलं तर याच आठवड्यात डॉक्टरांकडे न्या. ते घरी कापण्याच्या फंदात पडू नका. काही कुत्र्यांच्या मागच्या पायांनाही असं नख असतं, तेव्हा चारही पाय बघून घ्या.

आता रक्त का आलं ते पाहू. मनाला लागलेल्या बोलण्याला आपण 'जिव्हाळी लागलं' म्हणतो. ही जिव्हाळी म्हणजे मुळात नखाखालचा जिवंत, हळवा भाग. कुत्र्याच्या नखात तो टोकाच्या दिशेने बराच पुढे आलेला असतो. त्यात रक्तवाहिनी असते आणि मज्जातंतूही, म्हणून कापलं की रक्तही येतं आणि कळही. पांढऱ्या नखात ती गुलाबी छटा बाहेरून दिसते. काळ्यात दिसत नाही. मोबाइलचा टॉर्च मागून धरायचा सल्ला सगळे देतात, पण गडद काळ्या, जाड नखात त्याने फारसं काही कळत नाही. काळ्या नखाचं मोजमाप बाहेरून होत नाही, कापलेल्या तोंडाकडे बघूनच करावं लागतं.

ते असं. पंजा उचलून नख खालच्या बाजूने पाहा. टोकाकडे खाली वळलेली, पन्हाळीसारखी पोकळ चोच दिसेल. तो भाग मृत असतो. जिथे ही पन्हाळी भरीव व्हायला लागते, तिथून सावध व्हायचं. सुरुवात फक्त चोचीच्या टोकापासून करायची, आणि एका वेळी काढायची चकती रुपयाच्या नाण्यापेक्षा जाड नको. प्रत्येक चकतीनंतर थांबून कापलेलं तोंड समोरून पाहायचं. पहिल्यांदा ते कोरडं, खडूसारखं, फिकट राखाडी आणि जरा भुसभुशीत दिसतं. आणखी एक-दोन चकत्या गेल्या की तोंड गुळगुळीत होतं आणि मधोमध एक बारीक, काळपट किंवा करडा, किंचित ओलसर चमक असलेला ठिपका येतो. ठिपका दिसला की त्या नखाचं काम संपलं. 'अजून थोडं निघेल' असं वाटतं ना, रक्त नेमकं त्याच थोड्यात असतं.

तुमचं नख बहुधा पहिल्याच कापात गेलं, कारण एकदम चार-पाच मिलिमीटर कापलं असणार. यात तुमची चूक कमी आणि कटरसोबत येणाऱ्या चित्राची जास्त. त्या चित्रात नख नेहमी पांढरं असतं आणि काप एकच! कटरला पात्यामागे छोटी पट्टी असते, तिला 'सेफ्टी गार्ड' म्हणतात. तिच्यावर विसंबू नका. मोत्याची जिव्हाळी कुठपर्यंत आली आहे हे त्या पट्टीला कसं कळणार? ती बाजूला फिरवून ठेवलेलीच बरी, निदान नखाचं तोंड नीट दिसतं.

कटर बोथट आहे का तेही बघा. बोथट पातं नख कापत नाही, चेंगरतं. जिव्हाळीला न लागताही ते दुखतं, आणि नख उभं चिरतं. दुकानात मिळणाऱ्या न तळलेल्या पिवळ्या नळ्या आणा आणि एक नळी कापून पाहा. काप स्वच्छ आला तर पातं ठीक, नळीचा चुरा झाला तर कटर बदला. इंडीसारख्या मध्यम कुत्र्याला पकडीसारखा, दोन वक्र पात्यांचा मध्यम आकाराचा कटर हाताला सोपा जातो. भोकात नख घालून दाबायचा गिलोटिन प्रकारही चालतो, पण त्याचं पातं वेळोवेळी बदलावं लागतं आणि जाड नख त्यात नीट शिरत नाही. अंगठ्याचं गोल वळलेलं नख तर अजिबात शिरत नाही. माणसांचा नेलकटर लहान पिल्लापुरता ठीक आहे. मोठ्या कुत्र्याचं गोलसर नख तो दोन बाजूंनी चपटं करतो आणि फोडतो.

कटरइतकीच महत्त्वाची दुसरी वस्तू म्हणजे रक्त थांबवायची पूड. ती कापायला बसण्याआधी हाताशी हवी, रक्त आल्यावर शोधायची नाही. पेट शॉपमध्ये आणि औषधांच्या दुकानात स्टिप्टिक पावडर मिळते. ती नसेल तर तुरटी खलबत्त्यात अगदी बारीक कुटून डबीत भरून ठेवा. दाढी करताना कापलं की तुरटी फिरवतात, तेच तत्त्व. दोन्ही जरा झोंबतात. तुरटीही नसेल तर कॉर्नफ्लोअर किंवा मैदा. त्यांच्यात औषधी काही नाही, ते फक्त रक्ताला धरून ठेवतात.

रक्त आलंच तर बाटलीच्या झाकणात चमचाभर पूड घ्या, नखाचं टोक त्यात दाबा आणि वरून कापसाने तीन मिनिटं घट्ट धरून ठेवा. घड्याळ लावून तीन मिनिटं. दर दहा सेकंदांनी 'थांबलं का' म्हणून उचलून बघितलं की धरलेली गुठळी निघते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू. सासूबाईंच्या हळदीने काही बिघडलं नाही. बिघडलं ते दाब सुटल्याने आणि मोत्या चालू लागल्याने, कारण प्रत्येक पावलाला नख लादीवर आपटून गुठळी निघत राहते. रक्त थांबल्यावर अर्धा-पाऊण तास त्याला एका चादरीवर बसवून ठेवा, आणि त्या दिवशी चिखलातून फिरवू नका. जंतुनाशक द्रव, फिनेल वगैरे लावू नका, चाटून ते पोटात जातं. दुखत असेल म्हणून आपल्या डब्यातली पॅरासिटामॉल किंवा आयबुप्रोफेनची गोळी तर मुळीच देऊ नका. ती कुत्र्यांना विषारी ठरू शकते.

नीट दाब देऊनही पंधरा-वीस मिनिटांत रक्त थांबलं नाही तर प्रश्न नखाचा नसून रक्ताचा असू शकतो. आपल्याकडे गोचिडतापाचे कुत्रे भरपूर, आणि त्या तापात प्लेटलेट्स उतरतात. मोत्याला अलीकडे गोचिडताप येऊन गेला असेल, किंवा सध्या तो मलूल असेल, हिरड्या फिक्या दिसत असतील, पोटावर लाल-जांभळे ठिपके असतील, तर नखं राहू द्या आणि आधी रक्त तपासून घ्या. डॉबरमन पाळणाऱ्यांनी हे विशेष लक्षात ठेवावं. त्या जातीत रक्त गोठण्याचा आनुवंशिक दोष बराच आढळतो, आणि कित्येकदा तो पहिल्यांदा कळतो नख जास्त कापलं गेल्यावरच.

आता खरं काम, मोत्याची भीती. त्याच्या मते खण उघडला की पाय दुखतो. हा हिशेब चुकीचा नाही, त्याने एकदाच अनुभव घेतला आणि तो तसाच होता. तो पुसायला आठवडे लागतात, आणि तो खणापासूनच पुसायला सुरुवात करावी लागते.

उकडलेल्या चिकनचे हरभऱ्याएवढे तुकडे करा, मीठ-मसाला नको. शाकाहारी घर असेल तर पनीर. पहिले तीन-चार दिवस कटरला हात लावायचा नाही. खण उघडायचा, मोत्या जिथे असेल तिथे एक तुकडा टाकायचा, खण बंद. दिवसातून पाच-सहा वेळा. क्रम महत्त्वाचा आहे: आधी खण, मग खाऊ. उलट केलंत, खाऊ दाखवून बोलावलं आणि मग खण उघडला, तर चिकनचाही संशय यायला लागतो. खणाच्या आवाजाला तो पलंगाखाली जाण्याऐवजी तुमच्याकडे पाहू लागला की पुढे जायचं.

त्याच्याच जोडीला, पण वेगळ्या वेळी, पंजाला हात लावायची सवय. खांद्यावरून हात खाली सरकवत पंजापर्यंत न्यायचा, सेकंदभर ठेवायचा, काढायचा, तुकडा द्यायचा. मग पंजा उचलणं, मग एक बोट धरणं, मग बोटाची गादी हलकेच दाबणं. यातली प्रत्येक पायरी दोन-तीन दिवस. त्याने पाय मागे ओढला तर सोडून द्या. हे लोकांना पटत नाही, 'सोडलं की सोकावतो' म्हणतात. प्रत्यक्षात उलटं होतं. पाय ओढला की माणूस ऐकतो, हे कळलेल्या कुत्र्याला गुरगुरावं लागत नाही. ज्याचं ओढणं कुणी ऐकत नाही तो गुरगुरतो, आणि गुरगुरल्यावर दटावलेला कुत्रा पुढच्या वेळी न सांगता चावतो. त्याआधीच्या खुणा बारीक असतात: ओठांवरून जीभ फिरवणं, झोप आलेली नसताना जांभई, कान मागे, डोळ्याचा पांढरा भाग दिसणं, एकदम ताठ होऊन थिजणं. शेवटची सर्वात फसवी. आपल्याला वाटतं, शांत बसलाय.

दुसऱ्या आठवड्यात कटर जमिनीवर पडलेला असू द्या, शेजारी खाऊ. मग हातात कटर, खाऊ. मग बंद कटरची पाठ नखाला टेकवायची. मग त्या पिवळ्या नळ्या पुन्हा काढा: एका हाताने त्याचा पंजा धरायचा, दुसऱ्या हाताने पंजाजवळ नळी कापायची. 'कट्' असा आवाज, पंजाला काहीच होत नाही, वर चिकन. त्याला पचायला सर्वात अवघड आवाजच असतो, म्हणून इथे घाई नको. शक्य असेल तर हे सगळं मागच्या वेळच्या जागेवर करू नका. दुसरी खोली, दुसरी सतरंजी.

दोघांनी धरून उरकायचा बेत आता तुमचा तुम्हालाच नको वाटेल. तरी एक सांगायला हवं. धरलेला कुत्रा झटका देतो तेव्हा पाय आडवा पिरगळतो, आणि त्याच क्षणी तुम्ही कापत असता. तोंडाला फडकं बांधणं तर उन्हाळ्यात धोक्याचं. कुत्रा धापा टाकून अंग थंड करतो, तोंड बांधलं की तेच बंद. दुसऱ्या माणसाचं काम धरण्याचं नाही, भरवण्याचं. स्टीलच्या ताटलीला घट्ट दही किंवा बिनसाखरेचं पीनट बटर फासून ती त्याच्या नाकासमोर धरायची, तो चाटत राहतो. पीनट बटरच्या डब्यावर झायलिटॉल (साखरेऐवजी घालतात तो गोड पदार्थ) लिहिलेलं नाही ना, हे वाचून घ्या. ते कुत्र्यांना विषारी आहे. आणि एवढं करून दात लागलाच, तर मोत्याची लस झालेली असली तरी जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा.

प्रत्यक्ष कापायचा दिवस. वेळ संध्याकाळच्या फेरीनंतरची, तो थोडा दमलेला आणि जेवण व्हायचं असलेला. जागा भरपूर उजेडाची. लादीवर पाय सरकतात आणि सरकणारा कुत्रा घाबरतो, म्हणून खाली योगा मॅट किंवा गोणपाट. अंघोळ त्याच दिवशी झाली असेल तर उत्तम, भिजलेलं नख मऊ असतं, तडकत नाही.

मागच्या पायापासून सुरू करा, पुढचे पंजे धरलेले बहुतेक कुत्र्यांना जास्त खुपतात. मोत्या उभा, आणि घोड्याला नाल ठोकताना जसा पाय मागे दुमडतात तसा त्याचा पंजा मागे वळवून तळवा वर. पाय शरीराच्या रेषेतच हवा, बाहेर ओढलेला नको. अशा धरण्यात नखाचा खालचा भाग तुम्हाला स्वच्छ दिसतो आणि त्याला कटर दिसत नाही. तुमचा अंगठा बोटाच्या वर, तर्जनी गादीखाली. नखाभोवतीचे केस मागे सारा. कटर तिरका, साधारण 45 अंशात, म्हणजे तो पाय टेकवून उभा असताना काप जमिनीला जवळपास समांतर राहील असा. कापताना हळूहळू दाबत नेऊ नका. जागा ठरवायला हवा तेवढा वेळ घ्या, पण काप मात्र एका झटक्यात.

दोन नखं. बस. दोन्हींना ठिपका दिसेपर्यंतही जायची गरज नाही, टोकं उडाली तरी पुरे. मोत्याची एकूण नखं अठरा: चार पायांची सोळा आणि अंगठ्याची दोन. रोज दोन म्हटलं तर नऊ दिवसांत फेरी पूर्ण होते, आणि दहाव्या दिवशी पहिल्या नखाची पाळी पुन्हा आलेली असते. एकही दिवस मोठा कार्यक्रम करावा लागत नाही. अंगठ्याची नखं मात्र चुकवू नका, ती केसात दडतात आणि कायम विसरली जातात.

शेजारच्या काकांचं अर्धं बरोबर आहे. रस्त्यावरच्या कुत्र्यांची नखं दिवसभराच्या धावपळीत झिजतात, म्हणून त्यांना कटर लागत नाही. वीस मिनिटांच्या दोन फेऱ्यांत, त्यातही बराचसा वेळ हुंगण्यात, तेवढं झिजत नाही. त्यासाठी तापलेल्या डांबरावरून पळवाल तर नखांआधी गाद्या सोलवटतील. हाताची मागची बाजू डांबरावर सात सेकंद टेकवून बघा. तुम्हाला सोसत नसेल तर त्यालाही नाही.

झिजवायचंच असेल तर घरी फळी करा. हार्डवेअरच्या दुकानातून 80 नंबरचा पॉलिश पेपर आणा आणि फूटभर रुंद, दोन फूट लांब फळीवर तो पूर्ण चिकटवा. फळी तिरकी धरायची, खाली खाऊ दाबून ठेवायचा. तो पंजाने खरवडू लागला की 'शाब्बास' आणि खाऊ. चार-पाच दिवसांत बहुतेक कुत्र्यांना जमतं. एका वेळी दहा-बारा खरवडी पुरे, नंतर गाद्या तपासायच्या. याने पुढच्या पायांची, त्यातही मधल्या दोन बोटांची नखं छान झिजतात. कडेची कमी झिजतात, अंगठ्याचं नाहीच. पण जोपर्यंत मोत्या कटर सोसत नाही तोपर्यंत निम्मं काम त्याचं तोच करतो, आणि मजेत करतो. नखं घासायचा विजेचा ग्राइंडर मात्र त्याच्यासाठी सध्या नको, त्याची घरघर म्हणजे नवी भीती. पुढे कधी घेतलात तर एका वेळी एक-दोन सेकंदच टेकवा, नख तापतं. आणि पंजाचे लांब केस त्यात गुंडाळले जातात.

ग्रूमरच्या सल्ल्याचा एक भाग सरळ बाद करा: भुलीचं इंजेक्शन ग्रूमरने द्यायचं नसतं. ते डॉक्टर देतात, तेही कुत्रा तपासून. नख गादीत घुसलंय, चिरून मुळापर्यंत गेलंय, किंवा कुत्रा इतका घाबरतो की हातच लावता येत नाही, अशा वेळी भूल देऊन काम करणं योग्यच आहे. काही वेळा डॉक्टर घरून निघण्याआधी द्यायची शांत करणारी गोळीही लिहून देतात. पण नुसती टकटक थांबवायला भूल देऊन जिव्हाळीसकट नखं आखूड करणं म्हणजे जाग आल्यावर अठरा दुखरी टोकं. त्याची गरज नाही, कारण टोक नियमितपणे कापत राहिलं की जिव्हाळी आपोआप मागे सरकते. दर सात ते दहा दिवसांनी प्रत्येक नखाचं थोडं टोक घेत गेलात तर दीड-दोन महिन्यांत फरक डोळ्यांना दिसेल. नंतर दर तीन आठवड्यांनी पुरतं.

कधी थांबायचं? मोत्या लादीवर सरळ उभा असताना नखाखालून व्हिजिटिंग कार्ड अडकल्याशिवाय सरकलं की झालं. लांब नख जमिनीला टेकून बोट वर ढकलतं, कुत्रा वजन मागे टाकून चालतो आणि गुळगुळीत लादीवर घसरतो. मोत्या तीन वर्षांचा आहे म्हणून ते खपून जातंय, दहा वर्षांच्या गुडघ्यांना खपत नाही.

नखं हातात घेतलीच आहेत तर बाकीचंही बघत जा. पावसाळ्यात बोटांच्या बेचक्यात लाली, आंबूस वास आणि नखाच्या मुळाशी तपकिरी डाग दिसला तर तो बुरशीसारखा संसर्ग असू शकतो, कापण्याने जाणार नाही. फेरीहून आल्यावर बेचक्या पुसून कोरड्या ठेवायच्या आणि डॉक्टरांना दाखवायचं. एकच बोट सुजलंय आणि दोन-तीन आठवडे उतरत नाहीये, तर ते 'काहीतरी टोचलं असेल' म्हणून सोडू नका. मागच्या पायांची मधली दोन नखं बाकीच्यांपेक्षा खूपच झिजलेली, वरच्या बाजूने घासलेली दिसली, तर तो पाय पुरता न उचलता फरपटत चालतोय. कारण कमरेत किंवा मणक्यात असू शकतं. तेव्हा कटर ठेवून द्या, त्याच्या चालण्याचा मागून एक व्हिडिओ काढा आणि तो डॉक्टरांना दाखवा.